काळाबाहेर गेलेल्यांची वेळ कोण मोजतो?

प्रश्न : मी एक कल्पनारम्य कादंबरी लिहीत आहे. तिच्यातील बेटावर एक स्वतंत्र धर्म आहे आणि त्या धर्मातील साधक मंदिराच्या गाभाऱ्यात बसून ‘निश्चळ’ नावाच्या अवस्थेत जातात. तेथे काळ नाही, म्हणून वार्धक्य नाही, भूक नाही आणि मरणही नाही. बेटावर ही अवस्था सर्वांत पवित्र मानली जाते. ज्या मित्रांना मी हस्तलिखित वाचून दाखवले, त्यांचे म्हणणे असे की ही समाधीचीच नक्कल आहे. शिवाय साधक निश्चळात गेला की माझे कथानकही तेथेच थांबते. ही अवस्था खरी वाटावी आणि कथाही पुढे सरकावी, यासाठी काय करावे? – एक वाचक, डिचोली

उत्तर : मित्रांचा आक्षेप फार मनाला लावून घेऊ नका. समाधी, तुरीय, निरोध या कल्पना जेथे रुजल्या, तेथे वाढलेला लेखक नवा धर्म रचू लागला की त्यांचा अंश त्याच्या लेखनात उतरणारच. तुमची अडचण वेगळी आहे. पत्रात गाभाऱ्यात बसलेल्याविषयी तुम्ही पुष्कळ लिहिले आहे, पण बाहेर थांबलेल्यांविषयी एक ओळही नाही. आणि जेथे काळच नाही तेथे काही घडू शकत नाही हे उघड असल्यामुळे, कथेला पुढे जायचे तर ती बाहेरूनच जाईल.

त्याआधी एक गोष्ट पक्की करा. काळ कधीच न संपणे आणि काळ मुळात नसणे या दोन निराळ्या अवस्था आहेत. सहाव्या शतकातील रोमन विचारवंत बोएथियस याने हा भेद नेमका मांडला. त्याच्या मते शाश्वतता म्हणजे लांबच लांब आयुष्य नव्हे, तर अमर्याद जीवन संपूर्णपणे आणि एकदमच हाती असणे. तुमचा साधक म्हातारा न होता बसून राहतो, तेव्हा तो पहिल्या अवस्थेत असतो. तुम्ही वर्णन मात्र दुसरीचे करता. दुसरी निवडलीत, तर परत आलेल्या साधकाच्या तोंडी ‘मला तो एक क्षणच वाटला’ हे ठरीव वाक्य घालता येणार नाही, कारण क्षण हेही काळाचेच माप आहे. शिवाय ज्याला आधी आणि नंतर हा भेदच उरला नव्हता, त्याला स्वतःचे मरण जन्माइतकेच ठाऊक असायला हवे. असा माणूस घरी येऊन बायकोशी काय बोलेल, ते प्रकरण मला वाचायला आवडेल.

आता बाहेरच्यांकडे वळू. पाचव्या शतकात बुद्धघोषाने लिहिलेल्या ‘विसुद्धिमग्ग’ या पाली ग्रंथात निरोधसमापत्तीचे विवेचन आहे. संज्ञा म्हणजे जाण आणि वेदना म्हणजे सुखदुःखाचा अनुभव, हे दोन्ही थांबवणारी ही अवस्था सात दिवसांपर्यंत टिकते, पण तीत शिरण्यापूर्वी भिक्षूने काही बंदोबस्त करायचा असतो. आपल्याजवळ ठेवलेल्या दुसऱ्यांच्या वस्तूंचे आग, पाणी, चोर, उंदीर यांच्यापासून नुकसान होऊ नये आणि संघाला गरज पडली तर आपण उठावे, असा संकल्प तो आधीच करतो. आपले आयुष्य तेवढे दिवस शिल्लक आहे ना, हेही तपासून घेतो. एवढ्या अत्युच्च अवस्थेच्या उंबरठ्यावर उंदरांची काळजी! तुमच्या तीन पाने चाललेल्या तेजोवलयाच्या वर्णनापेक्षा असा एक उंदीर जास्त काम करील.

इतके दूर जायचे नसेल, तर वास्कोला जा. नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशी देव दामोदराचा भजनी सप्ताह सुरू होतो. नाव सप्ताहाचे असले तरी अखंड भजन चोवीस तासांचे असते. दूरून ऐकणाऱ्या भाविकाच्या लेखी तो एकच न तुटलेला नाद. अशा कोणत्याही अखंड भजनात जवळ बसून पाहिले, तर नव्या फळीचा पखवाजवादक जुन्याच्या शेजारी येऊन टेकतो, त्याचा ठेका उचलतो आणि मगच जुना वादक हात काढतो. कोणाची पाळी केव्हा, याची यादी आणि घड्याळ सांभाळणारा माणूसही तेथे असावाच लागतो, आणि त्याला डोळे मिटून तल्लीन होण्याची मुभा नसते.

तुमच्या बेटावर नेमका हा माणूस नाही. वंशपरंपरेने भरती-ओहोटी मोजून निश्चळाचे दिवस नोंदणारे एक घराणे निर्माण करा आणि त्या घराण्यातील कोणालाही निश्चळात जाण्याची बंदी ठेवा. मत्सर, लाच, खोट्या नोंदी, गाभाऱ्यात चोरून शिरलेली धाकटी मुलगी, हे सगळे त्या एका नियमातून आपोआप येईल. मालमत्तेचाही प्रश्न आहेच. १९३३ च्या देवस्थान कायद्याखाली गोव्यातील मंदिरांच्या महाजनांची, म्हणजे मंदिरावर वंशपरंपरेने हक्क असलेल्या सभासदांची, नोंद होते, आणि यादीत नाव असण्या-नसण्यावरून किती तंटे होतात हे डिचोलीकरांना मी सांगायला नको. निश्चळातल्या माणसाचे नाव यादीत राहते का? त्याची पत्नी हळदीकुंकवाला जाते का? आपल्याकडच्या पुराव्याच्या कायद्यात सात वर्षे ज्याची काहीच खबर नाही, तो जिवंत आहे हे सिद्ध करण्याची जबाबदारी तसे म्हणणाऱ्यावर येते. तुमचा साधक तर सगळ्यांच्या डोळ्यांसमोर बसलेला आहे. मग मुलांनी वाटणी मागायची कधी?

प्रश्न : या धर्माला स्वतंत्र पंचांग द्यावे का? – तोच वाचक

उत्तर : पूर्ण पंचांग नको, त्यातली एक फट पुरे. १५८२ मध्ये पोर्तुगालसह काही कॅथलिक देशांत ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर उजाडला. वार मात्र गुरुवारनंतर शुक्रवारच राहिला. आपल्याकडे साधारण बत्तीस-तेहतीस महिन्यांनी अधिक मास येतो, लग्न-मुंजी थांबतात, पण दूधवाल्याचे बिल थांबत नाही. बेटावरही वर्षातून काही दिवस कोणत्याच महिन्यात न मोजण्याची प्रथा ठेवा आणि त्या दिवसांत जन्मलेल्या एखाद्या मुलाला कथेत आणा. पंचांगाचे परिशिष्ट मात्र कादंबरीला जोडू नका. प्रकाशक पाने मोजतात.