ओली दोरी

चि. बाळ,

अनेक आशीर्वाद. तुझ्या कादंबरीची वही मिळाली. भूमितीवर उभा केलेला धर्म, त्याचे पाच पंथ, गोल देऊळ, त्रिकोणाची आरती, सगळं दोनदा वाचलं. आकृत्या सुरेख काढल्यास. कंपासच्या टोकाची भोकं मागच्या पानापर्यंत गेली आहेत, म्हणजे मन लावून काढल्यास. पण एवढ्या पानांत एकही माणूस काही आखताना दिसला नाही. सगळे तयार आकृतीपुढं हात जोडून उभे. मला खटकलं ते एवढंच, आणि त्याबद्दलच लिहितोय.

माझे वडील खानापूर तालुक्यात गवंडीकाम करायचे. पायाची आखणी असली की मलाही न्यायचे. तागाच्या सुतळीवर बारा सारखे टप्पे पाडून गाठी मारलेल्या. तीन, चार, पाच असे भाग खुंट्यांना ताणून धरले की काटकोन मिळाला. काटकोन तपासायच्या ज्या हत्याराला आपण गुण्या म्हणतो त्याला वडिलांचे कानडी जोडीदार मूलेमट्ट म्हणत. कोपरा जुळला की दोघेही एकदमच मान हलवायचे.

एकदा मृगाच्या तोंडावर दोरी सांभाळायचं काम माझ्याकडं होतं. रात्री तिचं अर्धं वेटोळं पोत्याखाली राहिलं, अर्धं उघड्यावर भिजलं. भिजलेली सुतळी आखडते. सगळी सारखी आखडली असती तर काही बिघडलं नसतं, प्रमाण तेच राहिलं असतं. पण अर्धीच आखडली. सकाळी त्याच दोरीनं आखणी झाली, चुन्याची फक्की पडली, कोपऱ्यात नारळ फुटला, हळदकुंकू वाहिलं. मग वडिलांनी सवयीनं दोन्ही कर्ण मापले; कोपरे काटकोनी असले तर ते सारखे यायला हवेत. चार बोटांचा फरक. माझा चेहरा उतरला. ते ओरडले नाहीत. फुलं आणि नारळाच्या भकला उचलून त्यांनी बाजूच्या दगडावर ठेवल्या आणि म्हणाले, ‘आधी दोरी वाळव. पूजा परत करू.’

ती उचललेली फुलं मला अजून दिसतात. देवाला वाहिलेलं परत घेता येतं का, हे तिथं कुणी विचारलं नाही. तुझ्या धर्मात ते कुणीतरी विचारायला हवं. दोन माणसं त्यावरून भांडतील, तिथून पंथ फुटेल. तू पाच पंथ सगळ्या बाजू एकसारख्या असलेल्या पाच घनाकृतींवरून पाडलेस, ते कागदावर ठीक दिसतं. माणसं आकृतीवरून फुटत नाहीत, चुकलेल्या आकृतीचं काय करायचं यावरून फुटतात.

हे मी मनचं सांगत नाही. शुल्ब म्हणजे दोरी, आणि शुल्बसूत्रं म्हणजे वेदी आखायचे नियम. यज्ञाचे अग्नी तीन: गार्हपत्य अग्नीचं स्थान गोल, आहवनीयाचं चौकोनी, दक्षिणाग्नीचं अर्धगोल, आणि तिघांचं क्षेत्रफळ सारखं हवं. आता चौरसाएवढं वर्तुळ नुसत्या दोरीनं बिनचूक काढणं अशक्य आहे, हे १८८२ साली लिंडेमान या जर्मन गणित्यानं सिद्ध केलं. पण यज्ञ करणाऱ्याला सिद्धतेची वाट बघत बसता येत नव्हतं, अग्नी पेटवायचाच होता. शुल्बसूत्रकार बौधायनानं दिलेल्या रीतीनं काढलेलं वर्तुळ सुमारे पावणेदोन टक्के मोठं येतं. चौरसाच्या कर्णाची रीत मात्र थक्क करते: बाजूत तिचा तिसरा हिस्सा मिळव, त्या तिसऱ्याचा चौथा हिस्सा मिळव, आणि त्या चौथ्याचा चौतिसावा हिस्सा वजा कर. एक किलोमीटर बाजूच्या चौरसात चूक जेमतेम दोन मिलिमीटर. या मापाला नाव दिलंय ‘सविशेष’, म्हणजे वाढाव्यासकट. या शब्दापाशी मी कितीदा थांबलोय! तुझ्या धर्माला एक मंत्र हवा असेल तर बाकीचे सगळे खोडून टाक आणि असा एक शब्द शोध.

पाच घनाकृती ठेवायच्याच असतील तर त्या पाचच का, हे तुझ्या एखाद्या पात्राला स्वतःच्या हातानं कळू दे. पुठ्ठ्याचे समभुज त्रिकोण एका टोकाला जोडत जा: तीन जमतात, चार जमतात, पाच जमतात, सहावा लावला की सगळं सपाट. चौरस तीनच, पंचकोन तीनच, षटकोन तीन लावले की पुन्हा सपाट. संपलं. सहावी आकृती देवालाही करता येत नाही, हे ज्या पोराला पुठ्ठा कापताना कळेल त्याच्या अंगावर काटा येईल, आणि तो खरा भक्त. खगोलशास्त्रज्ञ केप्लरचं असंच झालं होतं. १५९६ मध्ये त्यानं सहा ग्रहांच्या मधल्या जागांत या पाच आकृती बसवल्या. पुढं मंगळाचं गणित आठ कलांनी (कला म्हणजे अंशाचा साठावा भाग) चुकलं, तेवढ्यासाठी त्यानं वर्तुळ सोडलं आणि १६०९ मध्ये लंबवर्तुळ मांडलं. तरी १६२१ साली तेच जुनं पुस्तक टिपा घालून पुन्हा छापलंच. खरं काय ते कळल्यावरही मन पहिल्या आकृतीतून निघत नाही. असा एक म्हातारा तुझ्या कादंबरीत असू दे.

पायथागोरसच्या मंडळींची एक गोष्ट उचल. एक, दोन, तीन, चार अशा दहा ठिपक्यांच्या त्रिकोणाची ते शपथ घेत, हे तू लिहिलंच आहेस. पण त्यांच्यात पावटावर्गी शेंगा वर्ज्य होत्या, ते वगळलंस. का? ते भूमितीत बसत नाही म्हणून? अरे, नेमकं तेच घे. धर्म स्वयंपाकघरात शिरला नाही तर तो व्याख्यान होऊन बसतो.

आणि तुझ्या वहीत बायका कुठं आहेत? आपल्याकडं रोज पहाटे भूमिती कोण करतं? अंगणात सडा पडतो, चिमटीतून ठिपके पडतात, ओळीला ओळ, आणि दुपारपर्यंत कोंबड्या आणि सायकली त्यावरून गेलेल्या असतात. दुसऱ्या दिवशी पुन्हा. तुझ्या गोल देवळातल्या पुजाऱ्यापेक्षा माझ्या आईचा हात बिनचूक होता. पण शेवटचा ठिपका टाकताना ती नेहमी श्वास रोखायची. तो श्वास लिही.

बेळगावात आलास की किल्ल्यातल्या कमलबस्तीत जा. १२०४ सालचं ते जैन मंदिर. मंडपाच्या छतातून दगडी कमळ खाली उतरलंय. त्याच्या ७२ पाकळ्या, भूत, वर्तमान आणि भविष्य अशा तिन्ही काळांचे चोवीस-चोवीस तीर्थंकर. खाली उभा राहून मान दुखेपर्यंत बघ. पाकळी तिथं कुणाची तरी जागा आहे. तुझ्या आकृत्यांत अजून कुणी बसलेलं नाही.

महाराष्ट्र-कर्नाटक सीमेची रेघ मात्र या धर्मात ओढून आणू नकोस. नकाशावरच्या रेषेनं आपल्याला काय दिलं, काय नेलं, ते मला ठाऊक आहे, तुलाही आहे. पण ‘रेषा पवित्र’ म्हणणाऱ्या धर्माची गोष्ट तू या मातीत मांडलीस की वाचक तो अर्थ आपला आपण लावणारच. तुला बोट दाखवायची गरज नाही. पान ३१ वरचं भाषण काढून टाक.

धर्माचं नाव शेवटी ठेव. गावातले लोक त्या माणसांना काय म्हणून हाक मारतात ते आधी ऐक. मराठीत एक म्हणतील, कानडीत दुसरंच. चिडवायला म्हणून पडलेलं नावच टिकेल.

दिवाळीत घरी ये. सुतळी, खुंट्या, फक्की मी काढून ठेवतो. परड्यात वीस बाय तीसची आखणी करू. अर्धी दोरी आदल्या रात्री तू भिजवून ठेव.

तुझा,
सर