हप्ता ५ हजाराने कमी होतोय, पण कर्ज कितीला पडतंय?

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे माझ्याकडून समजण्यात काही राहिलं असेल तर लगेच कळेल. तुम्ही ३६ वर्षांचे, दोघंही कमावते, हातात महिन्याला मिळून १ लाख १५ हजार येतात, भाडं सोडून घरखर्च ५० हजार आणि सगळं जाऊन साधारण ४० हजार उरतात. शिल्लक ६ लाख आहे, ती फर्निचरला वापरायचा विचार आहे. ५० लाखांचं होमलोन मिळतंय, रेट साडेआठ टक्के, फ्लोटिंग, म्हणजे मधेच वर-खाली होऊ शकणारा. २० वर्षांसाठी घेतलं तर ईएमआय ४३,३९१ आणि ३० वर्षांसाठी ३८,४४६. लोनवाला म्हणतोय ३० वर्षं घ्या, हप्ता हलका बसेल, पुढे पगार वाढला की जास्त भरा, आणि वर कर्जाचा विमा म्हणून दीड लाखाचा एकरकमी प्रीमियम लोनमध्येच धरून देतो म्हणतोय. मधे कधीतरी मिसेस वर्षभर नोकरीतून ब्रेक घेतील अशीही शक्यता तुम्ही सांगितलीये, आणि म्हणूनच तुम्हाला छोटा हप्ता बरा वाटतोय.

माझं मत आधीच सांगून टाकतो, २० वर्षांचं घ्या आणि विमा लोनमध्ये घालू नका. आता कारणं बघू, कारण नुसतं मत घेऊन तुम्ही सही करावी असं मला वाटत नाही.

४३,३९१ गुणिले २४० महिने म्हणजे १ कोटी ४ लाख १४ हजार, त्यातलं व्याज ५४ लाख १४ हजार. ३८,४४६ गुणिले ३६० म्हणजे १ कोटी ३८ लाख ४० हजार, व्याज ८८ लाख ४० हजार. फरक ३४ लाख २६ हजारांचा. तुम्हाला दिसतंय ते असं की महिन्याला ४,९४५ वाचतायत, बरोबर आहे, २० वर्षांत ते ११ लाख ८७ हजार होतात, पण त्यानंतर अजून १० वर्षं तोच ३८,४४६ चा हप्ता भरत राहायचं आणि ते होतात ४६ लाख १३ हजार. म्हणजे आत्ता पावणेबारा-बारा लाख न भरण्याच्या बदल्यात नंतर ४६ लाख भरायचे, आणि तेही वयाच्या ५६ ते ६६ मध्ये, जेव्हा पगार चालू असेल की नाही हेच आज कुणी सांगू शकत नाही.

एवढा फरक का पडतो हे कळायला पहिल्या महिन्याचा हप्ता फोडून बघा. ५० लाखांवर साडेआठ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज ३५,४१७. हे व्याज दोन्हीकडे सारखंच आहे, बँक आधी ते कापून घेते आणि जे उरतं तेवढंच मुद्दलात जातं. २० वर्षांच्या लोनमध्ये उरतात ७,९७४. ३० वर्षांच्या लोनमध्ये उरतात फक्त ३,०२९. हप्ता १३ टक्क्यांनी मोठा, पण मुद्दल फिटायचा वेग अडीच पटीहून जास्त, आणि पुढच्या महिन्याचं व्याज उरलेल्या मुद्दलावरच लागणार असल्यामुळे हा फरक दर महिन्याला वाढत जातो.

५ वर्षांनंतरचं चित्र बघा. २० वर्षांच्या लोनमध्ये तोवर तुम्ही २६ लाख भरलेले असतील आणि बाकी असेल ४४ लाख ६ हजार. हेच ऐकून लोकांना धक्का बसतो, २६ लाख भरले आणि कर्ज फक्त ६ लाखांनी उतरलं. पण ३० वर्षांच्या लोनमध्ये २३ लाख भरून ते फक्त सव्वादोन लाखांनी उतरतं. आणि १० वर्षांनी, म्हणजे तुम्ही ४६ चे असताना, ४६ लाख भरून झाल्यावरसुद्धा ४४ लाख ३० हजार बाकी असतात. जिथे २० वर्षांचं लोन ५ वर्षांत पोचतं तिथे हे १० वर्षांनीही पोचलेलं नसतं. त्या वेळी घर विकायची वेळ आली, बदली झाली, काहीही झालं तर विक्रीच्या पैशातून आधी हे ४४ लाख जाणार.

आता दुसरी बाजू, कारण नुसती व्याजाची बेरीज दाखवून घाबरवणं मला पटत नाही. आजचे ५ हजार आणि २५ वर्षांनंतरचे ५ हजार एकसारखे नसतात, महागाई असते, पगार वाढतो, तोच हप्ता पुढे हलका वाटायला लागतो, हे सगळं खरं आहे. शुद्ध गणित असं सांगतं की ३० वर्षांचं लोन घेऊन ते ४,९४५ तुम्ही दर महिन्याला न चुकता २० वर्षं गुंतवले आणि त्यावर टॅक्स जाऊन बरोबर साडेआठ टक्के मिळाले तर जमतात ३१ लाख, आणि त्याच दिवशी ३० वर्षांच्या लोनमध्ये बाकी असतात ३१ लाख. दोन्ही बाजू बरोबरीत सुटतात. म्हणजे लांब मुदतीचं लोन मुळात वाईट असं काही नाही, ते तेव्हाच महाग पडतं जेव्हा वाचलेला पैसा खर्चात जिरतो किंवा कर्जाच्या रेटपेक्षा कमी कमावतो. साडेआठच्या वर टॅक्स जाऊन कमवायचं तर जोखीम घ्यावी लागते, आणि २० वर्षं एकही महिना न चुकवता टाकणारा माणूस मला तरी क्वचितच भेटतो. तुम्ही स्वतःच विचार करा, गेल्या वर्षी महिन्याला उरलेल्या ४० हजारांतले किती खरंच कुठे लागले. उत्तर चांगलं असेल तर ३० वर्षांच्या पर्यायाला मी टोकाचा विरोध करणार नाही.

पण मग फ्लोटिंग रेटचा मुद्दा येतो, आणि ३० वर्षांना माझा सगळ्यात मोठा विरोध इथे आहे. समजा सुरुवातीच्या दोन-तीन महिन्यांतच रेट पाऊण टक्क्याने वाढून सव्वानऊ झाला, यात विशेष काही नाही, असे बदल होत असतात. ५० लाखांवर महिन्याचं व्याज होतं ३८,५४२. तुमचा हप्ता ३८,४४६. म्हणजे अख्खा हप्ता भरून व्याजसुद्धा पुरत नाही, मुद्दल फिटायची गोष्टच सोडा, ते वाढायला लागतं! मग बँक हप्ता वाढवणार किंवा एकरकमी भरा म्हणणार, आणि ज्या छोट्या हप्त्यासाठी तुम्ही ३० वर्षं स्वीकारली तोच हातातून जाणार. २० वर्षांच्या हप्त्यात त्या रेटला पण ४,८०० च्या वर मुद्दलात जातच राहतात. अर्थात तिथेही गाफील राहायचं नाही, रेट सुरुवातीलाच एक टक्का वाढून तसाच राहिला आणि हप्ता तोच ठेवला तर २४० महिन्यांचं लोन ३०९ महिन्यांवर जातं, म्हणजे पावणेसव्वीस वर्षं, आणि खात्यातून जाणारा आकडा तोच असल्यामुळे घरात कुणाला पत्ताही लागत नाही. म्हणून रेट बदलला की किती महिने उरलेत ते तपासायचं आणि शक्य असेल तर मुदत तीच ठेवून हप्ता वाढवून मागायचा.

'पुढे जास्त भरा' हा सल्ला चुकीचा नाहीये, फक्त जादा पैसे कधी भरता यावर सगळं ठरतं. २० वर्षांच्या लोनमध्ये पहिलं वर्ष संपल्यावर १ लाख जादा भरले तर शेवटचे जवळपास ११ हप्ते गळतात आणि ३ लाख ८० हजारांच्या आसपास व्याज वाचतं. तेच १ लाख रुपये १५ वर्षांनी भरले तर साडेतीन हप्ते गळतात आणि वाचतात जेमतेम ५० हजार. म्हणजे पगार वाढल्यावर भरू म्हणून जे आपण पुढे ढकलतो त्याचा उपयोग नेमका तोवर कमी झालेला असतो. तुम्हाला जमेल असं सांगतो, दर वर्षाच्या शेवटी एक जादा हप्ता भरा, बोनसमधून भरा नाहीतर महिन्याला साडेतीन-पावणेचार हजार बाजूला ठेवून भरा, २० वर्षांचं लोन १६ वर्षं ९ महिन्यांत संपतं आणि १० लाखांच्या वर व्याज वाचतं. भरताना फॉर्मवर मुदत कमी करायची की हप्ता कमी करायचा असा पर्याय असतो, तिथे मुदत कमी करा असंच लिहायचं. हप्ता कमी केला तर फायदा बराच पातळ होतो.

विम्याचं सांगतो. विमा हवाच, ५० लाखांचं कर्ज डोक्यावर असताना कमावत्या माणसाचं आयुष्य विम्याशिवाय ठेवणं हा घरच्यांवर अन्याय आहे. पण दीड लाख प्रीमियम लोनमध्ये धरला की त्यावरही साडेआठ टक्के व्याज लागतं आणि २० वर्षांत तो ३ लाख १२ हजारांना पडतो, ३० वर्षांत ४ लाख १५ हजारांना. शिवाय अशा पॉलिसीत बरेचदा कर्ज उतरतं तसं कव्हरही, म्हणजे विम्याची मिळणारी रक्कमही, उतरतं आणि पैसे बँकेचं देणं भागवायला जातात. त्यापेक्षा दोघांच्या नावावर साधा टर्म प्लॅन, म्हणजे मुदतीत मृत्यू झाला तरच घरच्यांना पैसे देणारा विमा, वेगळा घ्या, लोन दुसरीकडे हलवलं किंवा लवकर फेडलं तरी तो तुमचाच राहतो. लोनसाठी विमा इथूनच घेणं बंधनकारक आहे असं कुणी सांगितलं तर तसं लेखी द्या म्हणा.

आता मिसेसच्या ब्रेकचं, कारण तुमच्या मनातली खरी भीती ती आहे. त्या वर्षात घरात एकच पगार, तुमचा ६५ हजार. खर्च ५० हजार. उरले १५. यात ४३ हजारांचा हप्ताही बसत नाही आणि ३८ हजारांचाही बसत नाही. २० वर्षांच्या लोनमध्ये वर्षाला ३ लाख ४१ हजार कमी पडतात, ३० वर्षांच्या लोनमध्ये २ लाख ८१ हजार. म्हणजे ज्या वर्षासाठी तुम्ही १० वर्षं जादा हप्ते भरायला तयार झालात त्या वर्षात तुम्हाला मदत मिळते ती ६० हजारांची! ब्रेकवरचा उपाय मुदत वाढवणं नाहीये, ब्रेकसाठी पैसा आधी बाजूला ठेवणं हा आहे. तुमच्या ६ लाखांतले साडेतीन लाख आजच वेगळे काढा, लगेच हातात येतील अशा ठिकाणी ठेवा आणि त्यांना फर्निचरसाठी हात लावू नका. उरलेल्या पैशात जे फर्निचर होईल ते करा, बाकीचं पुढच्या वर्षी. त्यासाठी पर्सनल लोन तर अजिबात नको, एकाच वेळी दोन हप्ते सुरू झाले की वरचा सगळा हिशोब कोलमडतो.

घर घेतल्यावर भाडं थांबेल पण मेंटेनन्स, घरपट्टी, दुरुस्त्या सुरू होतील हेही धरा, हातात येणाऱ्या पैशातून हप्ता जाऊन उरणारे सगळे पैसे मोकळे आहेत असं समजू नका.

आणि एवढं करूनही ४३ हजारांचा आकडा बघून छातीत धस्स होत असेल तर त्याकडे दुर्लक्ष करू नका, पण वर्षं वाढवण्याआधी कर्जाची रक्कम कमी करता येते का ते बघा. ४५ लाख, २० वर्षं, त्याच रेटने हप्ता येतो ३९,०५२. म्हणजे ३० वर्षांच्या हप्त्यापेक्षा जेमतेम ६०० जास्त आणि एकूण भरायचे ९३ लाख ७२ हजार, तिकडच्या १ कोटी ३८ लाखांऐवजी. त्यासाठी लागणारे ५ लाख तुमच्या आवाक्यात आहेत, साडेतीन लाख बाजूला ठेवून अडीच लाख आत्ताच आहेत आणि महिन्याला ४० हजार उरतात त्यातून उरलेले अडीच ६-७ महिन्यांत जमतात, फर्निचर तेवढं लांबणीवर टाकावं लागेल. बिल्डर किंवा विकणारा थांबायला तयार आहे का हे या आठवड्यातच विचारा. तो नाही म्हणाला तर ५० लाख २० वर्षांसाठी घ्या, आणि सही करण्याआधी बँकेकडून चार गोष्टी लेखी मागून घ्या: महिन्यागणिक व्याज-मुद्दलाचा पूर्ण तक्ता, जादा रक्कम भरायला काही चार्ज किंवा किमान मर्यादा आहे का, रेट बदलला तर हप्ता बदलणार की मुदत, आणि विम्याची रक्कम वगळलेलं नवीन मंजुरीपत्र.