भुताची भूमिका आणि बुडालेलं मानधन

प्रश्न : ताई, मी चाळीसगावचा, वय ३१. मोटर रिवाइंडिंगचं दुकान आहे. यूट्यूबवरच्या अहिराणी भुताच्या, मारामारीच्या सिनेमांत कामं करतो. नेहमी भूत नाहीतर गुंड. दोन निर्मात्यांनी पैसे बुडवले. आता मुंबईचा एक जण पोर्टफोलिओसाठी २५,००० मागतोय, मग रोल पक्का म्हणतो. बायको म्हणते, खूळ सोडा. काय करू?

उत्तर : भाऊ, ते पंचवीस हजार देऊ नका. भूमिकेसाठी कलाकाराकडून पैसे मागणारा माणूस कास्टिंगवाला नव्हे. मुंबईला पाठवायचं ते घरीच तयार होतं. साध्या भिंतीपुढे, खिडकीच्या उजेडात, मेकअपशिवाय चार फोटो : समोरून, दोन्ही बाजूंनी, पूर्ण उंचीचा. सोबत दीड-दोन मिनिटांचं शोरील, म्हणजे तुमच्या कामातल्या निवडक प्रसंगांचा व्हिडिओ. तुमचं घोडं इथेच अडत असणार, कारण भुताच्या मेकअपखाली चेहरा ओळखूच येत नाही. पहिल्या दहा सेकंदांत गुंडाचा एखादा शांत, बोलता प्रसंग ठेवा, भूत शेवटी. मागे गाणं नको. एकच संवाद अहिराणीत, मराठीत आणि हिंदीत म्हणून जोडा. अहिराणीचा हेल ही तुमची जमेची बाजू आहे, लपवू नका.

पैसे बुडतात ते तोंडी बोलणीमुळे. छोट्या सिनेमाचं बजेट शूटिंगमध्येच संपतं, म्हणून ‘रिलीजनंतर देतो’ हा शब्द नियत चांगली असूनही टिकत नाही. कॅमेरा लागण्याआधी एक पान लिहून घ्या : रोजचं मानधन, दिवस किती, निम्मे आधी, जाण्यायेण्याचं भाडं, मारामारीत लागलं तर दवाखाना कुणाकडे. उरलेली रक्कम डबिंगच्या आधी. डबिंग झालं की निर्मात्याला तुमची गरज उरत नाही. रद्द झालेल्या दिवसाचंही लिहा. पाटणादेवीचं जंगल गौताळा अभयारण्यात येतं. वनविभागाच्या परवान्याविना गेलेलं युनिट परत फिरलं, तर तुमचा रोज बुडतो.

श्रेयनामावलीत नाव हवंच, तेही त्याच पानावर. भूमिका किरकोळ आणि नाव कुठेच नाही, अशा माणसाला कॉपीराइट कायदा एका अपवादाखेरीज ‘परफॉर्मर’ धरत नाही. मग पुढे रॉयल्टी मागायला आधारच राहत नाही.

वहिनींना राग आहे तो बुडालेल्या दिवसांचा, असं मला पत्रावरून वाटतं. एक वही घाला : दुकान बंद ठेवलेले दिवस, त्या दिवसांची गेलेली कमाई, हाती आलेलं मानधन, येणं बाकी. ती त्यांच्याच हाती द्या. रब्बीत शेतकऱ्यांच्या मोटारी जळायला लागल्या की शूटिंगला सरळ नाही म्हणा. अभिनय मात्र सोडू नका. इतकी वर्षं लोक तुम्हाला पुन्हा बोलावतात, ते उगाच नव्हे.

त्या दोन निर्मात्यांना तारखा आणि रक्कम लिहून स्पीड पोस्टाने पत्र पाठवा, व्हॉट्सअ‍ॅपवरची बोलणी जपून ठेवा. वसुलीच्या दाव्याला साधारण तीन वर्षांची मुदत असते आणि नुसत्या पत्राने ती वाढत नाही, तेव्हा जुन्या सिनेमाचं येणं घेऊन आधी वकिलाकडे जा.