मूकपटातले राजकीय टोले: उपहास, उपरोध की विडंबन?

प्रश्न असा: चॅप्लिन, कीटन यांच्या मूक विनोदपटांतल्या राजकीय टोल्यांना मराठीत काय म्हणावे? कुठे 'विडंबन' वाचायला मिळते, कुठे 'व्यंग'.

'व्यंग' आधी बाजूला ठेवू. तो हिंदी 'व्यंग्य'चा प्रभाव. मराठीत व्यंग म्हणजे वैगुण्य. 'व्यंगचित्र' रुळले आहे, ते राहू द्या. 'राजकीय व्यंग' मात्र राजकारणातली खोट वाटते.

'विडंबना'ला नक्कल करायला मूळ कृती लागते. केशवकुमारांच्या 'झेंडूची फुले' या विडंबनकवितांच्या संग्रहामुळे (१९२५) हा अर्थ मराठीत पक्का झाला. कीटनचा 'थ्री एजेस' (१९२३) हे खरे विडंबन: दिग्दर्शक ग्रिफिथच्या 'इन्टॉलरन्स'मध्ये (१९१६) चार काळांतल्या कथा आलटूनपालटून येतात, कीटन तीच मांडणी तीन काळांतल्या प्रेमप्रकरणांना लावतो. त्यात राजकारण नाही.

'उपरोधा'त बोलायचे एक आणि सुचवायचे उलट. मग मूकपटात बोलणार कोण? अक्षरांची पाटी! चॅप्लिनच्या 'द इमिग्रंट'मध्ये (१९१७) बोट न्यूयॉर्कला लागते तेव्हा पाटी येते, 'स्वातंत्र्याच्या भूमीत आगमन'. मग स्वातंत्र्यदेवीचा पुतळा, त्याच्याकडे टक लावून बघणारे प्रवासी, आणि लगेच त्यांना दोर लावून गुरांसारखे कोंडणारे अधिकारी. हा क्रम बदलला, दोर आधी दाखवला, तर पाटी नुसता टोमणा ठरते. आधी विश्वास बसावा लागतो, मगच तो उलटतो. संस्कृतात 'उपरोध' म्हणजे अडथळा, कोंडी. त्या दोराने दोन्ही अर्थ साधले म्हणायचे!

त्यानंतर चार्ली अधिकाऱ्याला मागून लाथ घालतो. इथे उलट अर्थ काही नाही, सत्तेची सरळ टर आहे, हा 'उपहास'. 'शोल्डर आर्म्स'मध्ये तो स्वप्नात थेट जर्मन सम्राट कैसरलाच पकडून आणतो, तोही उपहासच. चित्रपट ऑक्टोबर १९१८चा, म्हणजे पहिले महायुद्ध अजून चालू होते.

कीटनच्या 'कॉप्स'ला (१९२२) मात्र ओढूनताणून राजकीय करू नये. पोलिसांच्या संचलनात वरून बाँब येऊन पडतो, कीटन त्याच्या वातीवर सिगारेट पेटवतो आणि तो भिरकावून देतो. बाँब अराजकवाद्याचा असला तरी त्याचे काम पाठलाग सुरू करून देणे एवढेच. याला 'प्रहसन' पुरे.

एकत्रित नाव हवे असेल तर 'राजकीय उपहास' लिहावे. विशेषणे 'उपहासात्मक', 'उपरोधिक'. 'उपहासास्पद' लिहू नका; त्याचा अर्थ हसे होण्याच्या लायकीचा, म्हणजे टोला कैसरऐवजी चॅप्लिनलाच बसायचा.