डिस्चार्ज पेपरवरचा कोड बदलून घेऊ नका ताई, क्लेमसाठी भांडा

गुहागर तालुक्यातल्या एका ताईंनी विचारलंय. मिस्टर हापूसची कलमं करारावर घेतात, यंदा मोहोर गळाला आणि घेतलेली उचल डोक्यावर बसली. एप्रिलमध्ये एका रात्री छातीत धडधड, हातपाय गार, दम लागला म्हणून चिपळूणला नेलं, ईसीजी, ट्रोपोनिन, टूडी इको या हृदयाच्या तपासण्या सगळ्या नॉर्मल. दोन रात्री ॲडमिट होते, त्यात मानसोपचारतज्ज्ञांनी तपासलं तेव्हा कळलं की सात-आठ महिने झोप धड नाही, मान-खांदे आखडलेले, डोक्यात सतत काळजी. डिस्चार्ज समरीवर आलं जनरलाइज्ड अँक्झायटी डिसऑर्डर (सतत काळजी लागून राहण्याचा आजार), कोड एफ ४१.१. विमा कंपनीने पत्र पाठवलं, मानसिक आजार पॉलिसीत वगळलेला आहे, क्लेम नामंजूर. आता ओळखीचा एजंट म्हणतोय डॉक्टरांकडून नुसतं 'छातीत दुखणे' लिहून आणा, पास होईल.

ताई, तो सल्ला ऐकू नका, अजिबात नको.

एफ ४१.१ हा जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० यादीतला कोड आहे. अँक्झायटी आहे पण नेमका प्रकार ठरला नसेल तर एफ ४१.९ लिहितात, आणि निदानच झालं नसेल, फक्त छातीत दुखतंय एवढंच माहीत असेल तर आर ०७.४. रात्री कॅज्युअल्टीत आर ०७.४ लिहिला असता तर काही चूक नव्हती, पण तज्ज्ञांनी तपासून निदान केल्यावर मागे जाऊन लक्षणाचा कोड टाकून घेणं म्हणजे कागद खोटा करणं झालं. कंपनी इनडोअर केस पेपर (ॲडमिट असतानाच्या नोंदी) मागवते, त्यात तज्ज्ञांची नोंद असणारच, मग फसवणूक म्हणून पॉलिसीच रद्द होऊ शकते आणि डॉक्टरही अडचणीत येतात. आणि एजंटला हे कोणी सांगितलं नाही वाटतं, की नुसतं छातीत दुखणे आणि सगळे रिपोर्ट नॉर्मल असले की कंपनी म्हणते ॲडमिशन फक्त तपासण्यांसाठी होतं, आणि तसा खर्च वगळणारा एक्सक्लुजन कोड ०४ पॉलिसीत तयारच आहे. म्हणजे आत्ता हातात जे आहे तेही जाईल.

तुमची बाजू खरंतर भक्कम आहे. मानसिक आरोग्य सेवा कायदा २०१७, कलम २१(४): शारीरिक आजाराला जसा विमा तसाच मानसिक आजाराला द्यायचा, हे प्रत्येक विमा कंपनीवर बंधन आहे. आयआरडीएआयने, म्हणजे विमा कंपन्यांवरच्या सरकारी नियामकाने, २०१८ मध्ये कंपन्यांना तसं कळवलंय, आणि २०२१ साली दिल्ली हायकोर्टाने असाच वगळण्याचा मुद्दा फेटाळून कंपनीला पैसे द्यायला लावले. त्यामुळे पॉलिसीत छापलंय म्हणून चालत नाही. तुमची पॉलिसी सहा वर्षं न तुटता चालूय असं तुम्ही लिहिलंय, म्हणजे असा आक्षेप घ्यायची ६० महिन्यांची मुदत उलटून गेलीय, मग 'आजार आधीपासून होता, लपवलात' हेही फसवणूक सिद्ध केल्याशिवाय त्यांना म्हणता येणार नाही. एक गोष्ट मात्र मनाची तयारी ठेवून ऐका, पुढच्या दर महिन्याच्या तपासणी-गोळ्यांचा खर्च पॉलिसीत ओपीडी (ॲडमिट न होता घेतलेले उपचार) नसेल तर मिळणार नाही, कारण तो मधुमेहवाल्यालाही मिळत नाही.

पहिल्यांदा हॉस्पिटलकडे लेखी अर्ज देऊन पूर्ण केस पेपर घ्या, मेडिकल कौन्सिलच्या २००२ च्या नियमाप्रमाणे ते ७२ तासांत द्यायचे असतात, अर्जावर पोच घ्यायला विसरू नका. डॉक्टरांकडून कोड बदलून नको, एक सर्टिफिकेट घ्या: त्या रात्री हृदयविकाराची शंका होती म्हणून ॲडमिट करणं गरजेचं होतं, नंतर उपचार काय दिले, निदान कशावरून केलं. हे कागद आणि कलम २१(४) चा उल्लेख करून कंपनीच्या तक्रार अधिकाऱ्याला ईमेल करा, रजिस्टर पोस्टानेही पाठवा. महिन्याभरात उत्तर नाही किंवा पुन्हा नकार आला तर विमा लोकपालाकडे जा, नकारापासून एक वर्षाच्या आत, फी नाही आणि तिथे वकील चालतच नाही, तुम्ही स्वतः बोलायचं. नाहीतर रत्नागिरीचा जिल्हा ग्राहक आयोग आहे, मुदत दोन वर्षं, तुम्ही राहता त्याच जिल्ह्यात केस टाकता येते, कंपनीच्या मुंबईच्या ऑफिसामागे धावायला नको.

सासऱ्यांना आणि वाडीत कळेल ही भीती मला कळते, आपल्याकडे मानसोपचारवाल्याकडे गेला म्हटलं की लोक कुजबुजतात. पण मानसिक आरोग्य सेवा कायद्याचंच कलम २३ सांगतं की ही माहिती गुप्त ठेवायची, हॉस्पिटलने ती कोणालाही वाटायची नाही. आणि कलम ३ मध्ये स्पष्ट आहे की निदान झालं म्हणजे माणूस वेडा ठरत नाही, ते ठरवायचा अधिकार फक्त कोर्टाला. करारावर सही, बँक, जमिनीचे व्यवहार सगळं मिस्टर पहिल्यासारखंच करू शकतात. कंपनीचं पत्रव्यवहाराचं टपाल सासऱ्यांच्या हातात पडू नये असं वाटत असेल तर अर्जात आधीच तुमचा ईमेल आणि माहेरचा पत्ता द्या.

आणि क्लेम अडकलाय म्हणून गोळ्या बंद करू नका, पुढची तारीख चुकवू नका, पावत्या सगळ्या एका फाइलीत ठेवा.