मुख्य नायक न होताही जुन्या हॉलिवूडमध्ये मोठा ठरलेला चरित्र अभिनेता कोण? त्याच्याविषयी सांगाल का?

माझे उत्तर क्लॉड रेन्स. नाव अनेकांना चटकन आठवत नाही. पण ‘कॅसाब्लांका’मधला तो गोडबोल्या, लाचखाऊ फ्रेंच पोलीस कप्तान म्हटले की चेहरा लगेच डोळ्यांसमोर येतो.

रेन्स यांचा जन्म १० नोव्हेंबर १८८९ रोजी लंडनमध्ये एका गरीब घरात झाला. पडद्यावर ज्यांचे इंग्रजी ऐकताना एखादा खानदानी उमराव बोलत असल्यासारखे वाटते, ते लहानपणी अडखळत बोलत, ‘र’चा उच्चार त्यांना जमत नसे आणि बोलीही लंडनच्या कष्टकरी वस्तीतली, कॉकनी होती. नटांना प्रवेशाची वर्दी देणारा पोरगा म्हणून ते नाटकगृहात लागले, आणि तेथेच हर्बर्ट बीरबोम ट्री या नामवंत नट-व्यवस्थापकाने त्यांच्यातले गुण हेरून वाणी सुधारण्याच्या शिकवणीचा खर्च उचलला. पुढे हाच मुलगा लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्टमध्ये शिकवू लागला. पुढे नामवंत नट झालेले जॉन गिलगुड आणि चार्ल्स लॉटन हे त्यांचे विद्यार्थी. दरम्यान पहिले महायुद्ध होऊन गेले होते. १९१६ मध्ये फ्रान्समधल्या विमी येथे झालेल्या विषारी वायूच्या हल्ल्यात त्यांच्या एका डोळ्याची दृष्टी जवळजवळ कायमची गेली. हे वाचल्यावर मी त्यांचे दोन-तीन चित्रपट मुद्दाम पुन्हा पाहिले, पण अधू डोळा कोणता हे काही मला ओळखता आले नाही.

अमेरिकी रंगभूमीवर काही वर्षे काढल्यानंतर १९३३ मध्ये, वयाची चव्वेचाळिशी गाठताना, त्यांना दिग्दर्शक जेम्स व्हेल यांच्या ‘द इनव्हिजिबल मॅन’मध्ये प्रमुख भूमिका मिळाली. बोलपटात नाव काढायचे आणि चेहराच दिसायचा नाही, असा तो प्रकार होता. संपूर्ण चित्रपटभर बँडेज, काळा चष्मा आणि आवाज. प्रत्यक्ष चेहरा दिसतो तो अगदी शेवटी, मृत्युशय्येवर, काही क्षणच. कष्टाने कमावलेल्या त्या आवाजाने चित्रपट पेलला आणि त्यांची हॉलिवूडमधली वाट मोकळी झाली.

मग वॉर्नर ब्रदर्स या चित्रपट कंपनीत असतानाच्या काळात कामांची रांगच लागली. ‘मिस्टर स्मिथ गोज टू वॉशिंग्टन’ (१९३९), ‘कॅसाब्लांका’, ‘मिस्टर स्केफिंग्टन’ आणि ‘नोटोरियस’ (१९४६) या चार चित्रपटांसाठी सहायक अभिनेत्याच्या ऑस्करचे नामांकन झाले. पुरस्कार एकदाही मिळाला नाही. रंगभूमीने मात्र १९५१ मध्ये टोनी पुरस्कार देऊन त्यांची कदर केली. वैयक्तिक आयुष्यात सहा लग्ने झाली, एवढे सांगून तो विषय मी सोडतो.

‘कॅसाब्लांका’च्या अखेरीस जर्मन अधिकाऱ्याला कोणी मारले हे डोळ्यांदेखत पाहूनही हा कप्तान शिपायांना नेहमीच्या संशयितांची धरपकड करायला पाठवतो, मग पाण्याची बाटली हातात घेतो, तिच्यावरचे ‘विशी’ हे नाव वाचतो, ती कचऱ्याच्या टोपलीत टाकतो आणि टोपलीला लाथ मारतो. नाझींपुढे झुकलेल्या विशी सरकारचा तो नोकर आहे, हे ध्यानात घेतले की ही लाथ कोणाला बसली ते कळते, आणि त्यासाठी रेन्स यांनी एक शब्दही खर्च केलेला नाही.

तरीही एकच चित्रपट पाहणार असाल तर हिचकॉक यांचा ‘नोटोरियस’ पाहा. यात ते नाझी गोटातला माणूस आहेत, बायको अमेरिकेची हेर असल्याचे कळल्यावर तिला विष देत आहेत, आणि तरी तिच्यावर त्यांचे खरोखरच प्रेम असावे असे वाटून आपण अस्वस्थ होतो. नायक तिला सोडवून गाडीत बसवतो, हे ‘मलाही घ्या’ म्हणून अक्षरशः विनवतात, पण गाडीचे दार लागते. साथीदारांना फितुरी उमगलेली असते. आतून हाक येते. रेन्स वळतात आणि आपल्याकडे पाठ करून, पायऱ्या चढत, घराच्या दाराकडे चालू लागतात. त्या पाठीवरून, खांद्यांवरून आणि उगाच न रेंगाळणाऱ्या पावलांवरून पुढे काय होणार ते आपल्याला समजते, आणि ते आत गेल्यावर दार बंद होते.