'पीसेस ऑफ अ वुमन' खूप आवडला. त्याच्या दिग्दर्शकाचे आणखी कुठले सिनेमे पाहू?

हा सिनेमा कोर्नेल मुन्द्रुत्सो या हंगेरियन दिग्दर्शकाचा. त्याचे बाकीचे सिनेमे जरूर पाहा, फक्त हा माणूस मुळात नाटकाचा आहे हे लक्षात असू द्या. १९७५ चा जन्म. बुडापेस्टच्या नाट्य-चित्रपट विद्यापीठात तो आधी अभिनय शिकला, मग दिग्दर्शन. २००९ मध्ये त्याने 'प्रोटॉन' ही स्वतःची नाट्यसंस्था काढली. तुम्ही पाहिलेला सिनेमाही आधी वॉर्सातल्या रंगमंचावर पोलिश भाषेत झाला होता. लेखिका तीच, काता वेबर. सुरुवातीचा प्रसूतीचा प्रसंग जवळजवळ २४ मिनिटं एकही कट न घेता चालतो आणि आपल्याला नजर वळवता येत नाही. नटाला मधे थांबवायचं नाही, प्रसंग त्याच्या ताब्यात द्यायचा, ही नाटकवाल्याची सवय आहे. नायिका झालेल्या व्हेनेसा कर्बीला २०२० मध्ये व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला, त्यात या मोकळीकीचा मोठा वाटा आहे असं मला वाटतं.

सुरुवात 'व्हाइट गॉड' (२०१४) पासून करा. लिली नावाच्या मुलीचा हागेन हा कुत्रा संकरित जातीचा. सिनेमात अशा कुत्र्यांवर कर लागतो, म्हणून बाप त्याला रस्त्यावर सोडून देतो. माणसांच्या हातून हागेनचे जे हाल होतात ते बघवत नाहीत, आणि मग शहरभरची टाकलेली कुत्री उठाव करतात. रिकाम्या बुडापेस्टमधून धावणारी ती दोनशेहून अधिक कुत्री खरी आहेत, संगणकावर बनवलेली नाहीत. बरीचशी प्राण्यांच्या निवाऱ्यातून आणलेली होती आणि चित्रीकरणानंतर त्यांना घरं शोधून देण्यात आली. हागेनचं काम दोन जुळ्या भावांनी केलंय. कान चित्रपट महोत्सवात या सिनेमाला 'अं सर्तँ रगार' या मुख्य स्पर्धेबाहेरच्या विभागाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. मुन्द्रुत्सोने हा सिनेमा त्याच वर्षी वारलेले दिग्दर्शक मिक्लोश यांचो यांना अर्पण केला आहे. लांबलचक शॉटची हंगेरियन परंपरा ज्यांनी घडवली, ते हे यांचो.

त्यानंतर 'डेल्टा' (२००८). बरेच जण तो संथ म्हणून सोडून देतात, मला मात्र तो मनापासून आवडतो. गावी परतलेला तरुण आपल्या बहिणीबरोबर डॅन्यूबच्या पाण्यात खांबांवर घर बांधू लागतो, आणि गावाला ते सहन होत नाही. चित्रीकरण चालू असतानाच मुख्य नट लायोश बेर्तोक वारला. काम थांबलं. पुढे ती भूमिका फेलिक्स लायको या व्हायोलिनवादकाने केली. तो फारसा बोलत नाही, पण बिनबोलता उभा राहतो तेव्हा सगळं कळतं.

'योहाना' (२००५) मधली सगळी पात्रं गाऊन बोलतात. जोन ऑफ आर्क या फ्रेंच संत-वीरांगनेची कथा आजच्या इस्पितळात आणलेला तो ऑपेरा आहे. पहिल्या वीस मिनिटांत जमला नाही तर सोडून द्या. 'टेंडर सन' (२०१०) मात्र अभिनेता मुन्द्रुत्सोसाठी पाहा. त्याचा आधार असलेली फ्रँकेन्स्टाइनची, म्हणजे माणसाने घडवलेल्या राक्षसाची, गोष्ट त्याने आधी रंगमंचावर आणली होती. सिनेमात नटांच्या निवड चाचण्या घेणारा दिग्दर्शक तो स्वतःच झालाय, आणि चाचणीला येतो त्या दिग्दर्शकाचाच मुलगा. स्वतःला जराही न सांभाळता केलेलं काम आहे ते.

'ज्युपिटर्स मून' (२०१७) मध्ये सीमेवर गोळी लागलेला सीरियन निर्वासित हवेत तरंगू लागतो. ती दृश्यं थक्क करणारी आहेत, पण पटकथा विस्कळीत आहे; तो मागे ठेवलात तरी चालेल.

'इव्होल्यूशन' (२०२१) सोडू नका. एका ज्यू कुटुंबाच्या तीन पिढ्या, तीन भाग, प्रत्येक भाग एका सलग शॉटसारखा. मधल्या भागात लिली मोनोरी ही ज्येष्ठ अभिनेत्री आईच्या भूमिकेत आहे. छळछावणीत जन्मलेली ही बाई आणि तिची मुलगी बुडापेस्टच्या फ्लॅटमध्ये जुन्या कागदपत्रांवरून भांडतात, बस्स, एवढंच. तुम्ही पाहिलेल्या सिनेमातला आई-मुलीचा जेवणाच्या वेळचा वाद आवडला असेल, तर 'व्हाइट गॉड'नंतर थेट हाच लावा.